आधी बघायचं, मग वाचायचं

मिलिंद, परवा मी म्युझियममध्ये तुझ्या खांद्यावर हात ठेवला.

खांदा तुझा नव्हता, हे सांगायला नको. पण पाठ तुझीच होती रे. तळमजल्यावर घुमटाखाली, त्या मोठ्या दगडी मूर्तीसमोर. चौकड्यांचा शर्ट बाहेर सोडलेला, हात मागे बांधलेले, डावी टाच जराशी उचललेली आणि मान उजवीकडे कललेली. मूर्ती हळू आवाजात काहीतरी सांगतेय आणि आपल्याला नीट ऐकू येत नाहीये, अशी. एवढा अवघडून आणि तरी एवढ्या सुखानं उभा राहणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिलाय. माझे पाय आपोआप गेले, हात आपोआप उठला आणि तोंडातून नेहमीचं वाक्य निघालं, "मिल्या, चल ना आता, पाय मोडले माझे."

मी नुकताच आत शिरलो होतो. पाय मोडायचं काही कारणच नव्हतं.

माणूस वळला. पांढरी मिशी, जाड चष्मा, गळ्यात ओळखपत्र. त्यानं माझ्याकडे बघितलं, खांद्यावरच्या माझ्या हाताकडे बघितलं आणि प्रसन्न हसून म्हणाला, "टूरसाठी ना? या, या. सुरूच करतोय."

मी "नाही" म्हणायला तोंड उघडलं. बाहेर आलं "हो". कोर्टात इतकी वर्षं कारकुनी करून मी एवढंच शिकलोय. समोरचा ठामपणे बोलला की मान डोलवायची.

म्हणजे बघ, म्युझियम बघायला गाईड घ्यावा की घेऊ नये, हा आपल्या दोघांतला उभ्या जन्माचा वाद असा निकालात निघाला. तू गैरहजर, मी गोंधळलेला, आणि तुझीच पाठ फितूर.

तुला म्हणून सांगतो, हल्ली तू चेहऱ्यानं येतच नाहीस. पाठीनं येतोस. भोईवाड्याच्या नाक्यावर पेपरवाल्यापाशी वाकलेला असतोस. लालबागला मसाल्याच्या गल्लीत पिशवी हलवत माझ्यापुढे चाललेला असतोस. कोर्टाच्या जिन्यात तर एकदा मी तुझ्या मागून दोन मजले वर गेलो, माझं टेबल खाली असताना. वळलास की दुसराच कुणीतरी. मग मी चपलेचा अंगठा बघितल्यासारखं करतो आणि परत फिरतो. सुजाताला यातलं काही सांगितलेलं नाही. तिचा तू सख्खा भाऊ. तिला तू कुठून दिसतोस, समोरून की पाठीनं, ते तिनंही मला सांगितलेलं नाही. आमच्या घरात तुझा विषय निघतो तो औषधांच्या उरलेल्या पट्ट्यांचं काय करायचं आणि वहिनींना दवाखान्यात कुणी न्यायचं, एवढ्यापुरता. एक प्रश्न मात्र कुणीच काढत नाही. तो जेवताना ताटांच्या मध्ये बसलेला असतो, आम्ही त्याला वळसा घालून भाजी वाढतो. मिलिंदला आधीच कळलं होतं का?

पण मी म्युझियममध्ये का कडमडलो, ते सांगायचं राहिलं. प्रज्ञामुळे. तुझ्या पुण्यानुमोदनाच्या दिवशी चाळीच्या पटांगणात मंडप होता. भन्तेजी वंदना घेऊन गेले होते, पंगती उठत होत्या, आणि तुझ्या लेकीनं मला पाण्याच्या पिंपापाशी गाठलं.

"काका, बाबा मला म्युझियम दाखवणार होते. या वेळी बंगळूरहून आलीस की जाऊ, म्हणाले होते. तुम्ही दाखवाल? बाबा दाखवायचे तसं?"

मी तिलाही "हो" म्हणालो. माझे हे 'हो' मला फार महागात पडतात.

कारण 'बाबा दाखवायचे तसं' म्हणजे कसं रे? गावाहून आलेला एकूण एक पाहुणा तू म्युझियमला नेलास. प्रत्येक वेळी मीही शेपटासारखा मागून आलो. पण तू कधी कुणाला काही दाखवलंस? तू नुसता उभा राहायचास. पाहुणे आपापले भटकायचे आणि शेवटी भुसा भरलेल्या वाघापाशी जमायचे. कणकवलीची तुझी मावशी आठवते? सगळ्या दालनांतून तरातरा फिरून आली आणि कमरेवर हात ठेवून म्हणाली, "रे मिलिंदा, ही सगळी मोडकी माणसां कित्याक ठेवल्यानी हत? एकाक नाक नाय, एकाक हात नाय." तू गंभीरपणे म्हणालास, "मावशे, हॉस्पिटलात माझ्याकडे रोज अशीच येतात." म्हातारी एवढी हसली की पहारेकरी धावत आला.

आणि एवढं करून स्वतःच्या पोरीला कधी नेलं नाहीस. लहान होती तेव्हा म्हणायचास, शाळेतून नेतात त्यांना, परत कशाला. मग म्हणायचास, मोठी होऊ दे, कळू दे. ती मोठी झाली ती थेट नोकरीला बंगळूरला.

मी घरी येऊन सुजाताला म्हटलं, आता काय करू?

"गाईड घ्या सरळ," ती म्हणाली. "तुम्ही काय दाखवणार पोरीला? कॅन्टीन?"

"मिल्याला गाईड चालायचा नाही गं."

"दादाला रिक्षाही चालायची नाही. म्हणून काय पोरीला चालवत नेणार आहात म्युझियमला?"

"रविवारी न्यायचंय तिला. त्याआधी मी एकदा जाऊन बघतो, गाईड घेण्यात अर्थ आहे का."

"म्युझियम कसं बघायचं हे ठरवायला म्युझियम बघून येणार?" ती म्हणाली. "दादाच्या संगतीत पार वाया गेलात तुम्ही."

तर असा मी आलो. रजा टाकून.

गाईडवरचा तुझा राग मला कधीच पटला नव्हता. मी म्हणायचो, आपण भोईवाड्यातली पोरं, आपल्याला काय कळतंय त्या चित्रांतलं? सांगणारं कुणीतरी पाहिजे. कोर्टातसुद्धा नुसता कागद बघून कळत नाही, वकील उभा राहून बोलायला लागतो. त्यावर तू म्हणायचास, "म्हणूनच तुमच्याकडे निकाल लागत नाहीत." मग आपण बसस्टॉपपर्यंत भांडायचो. मी म्हणायचो की तुला गाईड नको कारण तुला दुसऱ्याचं ऐकायची सवय नाही. तू म्हणायचास, "पक्या, आधी कुणी सांगितलं ना, की तेवढंच दिसतं रे."

हे तुझं एक्स-रेवाल्याचं शहाणपण. परळच्या हॉस्पिटलातल्या त्या थंडगार खोलीत तू जन्म काढलास, आणि तिथली तुझी रीत मी डोळ्यांनी बघितलेली आहे. डॉक्टरांची चिठ्ठी आली की कुठल्या भागाची फिल्म काढायची तेवढं वाचायचास आणि खालची ओळ, पेशंटला काय झालंय ती, अंगठ्यानं झाकायचास. फिल्म तयार झाली की भिंतीवरच्या उजेडाच्या पेटीवर लावायचास. खोलीत संगणक आला तरी तुझी ती पेटी सुटली नाही. आधी अख्खी फिल्म बघायची, कोपऱ्यापासून कोपऱ्यापर्यंत, आणि मगच अंगठा काढायचा. "चिठ्ठीत कोपर लिहिलं असलं की डोळा कोपराला चिकटतो," असं म्हणायचास. "मग मनगटाचं मोडलेलं हाड तसंच घरी जातं." निदान करणं तुझं काम नव्हतंच, ते डॉक्टर करायचे. पण बघणं माझंच काम आहे, असं तू ऐटीत सांगायचास.

म्युझियममध्ये अंगठा पुरायचा नाही. म्हणून तू माहितीच्या पाटीवर अख्खा तळवा धरायचास. एकदा पहारेकरी ओरडला, "भाईसाब, काच को हाथ नहीं!" तू म्हणालास, "हात नाही लावला, आडवा धरलाय." पुढचं अर्धं दालन तो आपल्या मागून आला, आणि मी त्याच्याही मागून, म्हणजे आपली ओळख नाही असं वाटावं म्हणून.

आणि तू बरोबर असायचास असंही काही नाही हां. देवमाणूस होऊन गेलास म्हणून तुझी गणितं दुरुस्त होणार नाहीत. एका दगडी पटात तुला आई पोराला भरवताना दिसली. पंधरा मिनिटं तू विरघळून उभा. तळवा काढला तर पाटीवर लिहिलेलं, राक्षसाचा वध. तू पुन्हा बघितलंस, पुन्हा वाचलंस आणि म्हणालास, "असेल. पण आधी जेवू घातलंय त्याला." त्या वेळी मी इतका हसलो की आजतागायत तो पट माझ्यासाठी जेवणाचाच आहे.

आता मुख्य गोष्ट. वरच्या मजल्यावरचं ते काळपट चित्र.

तुला ठाऊक आहे मी कुठलं म्हणतोय. विलायती, जुनं, तेलाचं, साधारण आपल्या खिडकीएवढं. एक बाई टेबलापाशी बसून फळ सोलतेय, बाजूला खिडकीचा थोडा उजेड, टेबलावर भांडीकुंडी, आणि बाकी सगळा अंधार. मला त्यात कधीच काही दिसलं नाही. मी नुसता बघून पुढे जायचो, दोन दालनं उरकायचो, पाणी पिऊन यायचो. परत आलो की तू तिथंच. हात मागे, टाच वर. मग मी तुझ्या खांद्यावर हात ठेवायचो आणि म्हणायचो, मिल्या, चल ना आता.

"एवढं काय दिसतं तुला त्यात?" मी दर वेळी विचारायचो.

"सांगितलं तर तुला तेच दिसेल."

"दिसू दे ना मग! नाहीतर काहीच दिसत नाही."

"दिसेल," तू म्हणायचास. "घाई करू नकोस."

आणि आपण वाघाकडे जायचो. ते तू मला शेवटपर्यंत सांगितलं नाहीस. आता हे मी कुणाला विचारू?

गाईड, म्हणजे तो तुझ्या पाठीचा माणूस, चांगला होता, हे कबूल करायला हवं. दादरचा, निवृत्त शिक्षक. आवाज स्वच्छ. कुठल्या दालनात पंखा लागतो, कुठे टेकायला बाक आहे, सगळं त्याला पाठ. गुडघेवाल्यांना आपणहून बसवायचा. एक गिरगावकर बाई होत्या, दर मूर्तीला "ही खरी का हो?" असं विचारायच्या, आणि हा न चिडता दर वेळी "खरी" म्हणायचा. ज्या मूर्तीवरून मी तुझ्या मागे शंभरदा गेलोय, तिच्या कानातली फुलं त्यानं दाखवली. दोन कानांत दोन वेगळी फुलं होती. मला आनंद झाला रे, खोटं कशाला बोलू. मनात म्हटलं, बघ मिल्या, हे मला तुझ्याबरोबर कधी दिसलं नव्हतं.

पण काय व्हायचं, तो बोट करायचा तिकडे आमच्या सगळ्यांच्या माना वळायच्या, एकदम, दोरीनं बांधल्यासारख्या. आणि ज्याच्याकडे बोट झालं नाही ते सगळं अंधारात गेल्यासारखं. अख्खं एक दालन आम्ही तीन मूर्ती बघून ओलांडलं. बाकीच्यांना मी जाताना ओळखदेखील दिली नाही.

मग आम्ही वर गेलो. मला वाटलं होतं, तो त्या चित्रापाशी थांबणारच नाही. थांबला.

"हे चित्र लोक सोडून जातात," तो म्हणाला. "आता बाईकडे बघू नका. मागे बघा. अंधारात डावीकडे दार आहे. दिसलं? दारात काय आहे?"

गिरगावकर बाई म्हणाल्या, "बाई गं!"

मग मलाही दिसलं. दारात माणूस आहे. अंधारापेक्षा जरासा गडद. खांदा, बाही आणि दाराच्या कडेवर टेकलेली बोटं. पाठमोराच वाटला.

"तो निघालाय," गाईड म्हणाला. "कायमचा. आणि तिला ते माहीत आहे. आता तिचा हात बघा. सुरी थांबलेली आहे."

मिलिंद, इतक्या वेळा तू माझ्या डोळ्यांदेखत त्या पाठीसमोर, माझ्याकडे पाठ करून उभा होतास, आणि मी तुमच्या दोघांच्या मागे. आता मी कितीही प्रयत्न केला तरी ते चित्र मला त्या माणसाशिवाय दिसत नाही. घरी डोळे मिटले तरी तो दारात असतो. पण तुला तेच दिसायचं का? की गाईडनं सांगितलं म्हणून मला तेवढंच दिसलं? तू म्हणायचास ते खरं ठरलं, आणि त्याच क्षणी तुझं काय ते कळायची वाटही बंद झाली.

टूर संपल्यावर सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मी सटकत होतो, तेवढ्यात त्यानं मला गाठलं.

"मिल्या कोण हो?"

मी म्हटलं, "मेहुणा. त्याआधी दोस्त. हल्लीच गेला."

त्यानं चष्मा काढून पुसला आणि म्हणाला, "लोक माझ्याकडे नेहमी समोरून येतात. पाठीमागून पहिल्यांदाच कुणी हाक मारली. बरं वाटलं."

मी बसमध्ये बसलो तेव्हा मला तुझी ती फिल्म आठवली. तुझी स्वतःची.

खोकला कधीचा होता. तू मला फोन केलास, "कोर्ट सुटलं की ये, चहाला." आलो तर तू पेटीसमोर उभा. फिल्म तुझ्या ड्यूटीवरच्या जोडीदारानं काढून दिली होती आणि तो दुसऱ्या पेशंटकडे गेला होता. चिठ्ठी नव्हतीच, झाकायला काही नव्हतं. खोलीत त्या पेटीचाच काय तो उजेड. मी दारात, आणि तू माझ्याकडे पाठ करून, हात मागे बांधून, डावी टाच उचलून. मला तिथून फिल्म दिसत नव्हती. दिसली असती तरी मला काय कळणार होतं? मी आपला थोडा वेळ थांबलो, घड्याळ बघितलं आणि सवयीनं म्हणालो, "मिल्या, चल ना आता."

तू पेटीचा दिवा बंद केलास. "चल," म्हणालास. "चहा घेऊ."

टपरीवर तू नेहमीसारखा बोललास. कटिंग संपल्यावर मध्येच म्हणालास, "प्रज्ञा आली की म्युझियमला जाऊ एकदा. खूप दिवस राहिलंय." मी म्हटलं, जाऊ की, पण गाईड घेऊन. तू हसलास. "बरं," म्हणालास. "घेऊ."

तू इतक्या सहज कधी हरला नव्हतास. मला तेव्हाच कळायला हवं होतं की काय, हे मी स्वतःला विचारत नाही. विचारलं तर झोप लागत नाही.

रविवारी प्रज्ञा आली. तुझी नेहमीची चौकोनी पिशवी खांद्याला अडकवून. बसमध्ये तिनं विचारलं, "काका, गाईड घ्यायचाय का आपण?"

"बघू," मी म्हटलं. अजून माझं ठरलेलं नव्हतं. गाईड घेतला तर काय होणार हे मला दिसत होतं. तिला तुझ्याऐवजी दोन वेगळी फुलं मिळतील, पाठमोरा माणूस मिळेल, सगळं चांगलं आणि बरोबर, आणि त्यात तू कुठेच नसशील. आणि मी एकट्यानं नेलं तर तिला वाघ मिळेल.

गाईड घुमटाखाली उभाच होता. त्यानं मला ओळखलं, हात वर केला. आणि मला एकदम सुचलं ते एवढंच की मी त्याला लांबूनच खुणेनं 'नंतर' म्हटलं. काही विचार करून नाही रे. धांदल उडाली म्हणून.

मी तिला सरळ वर नेली. त्या चित्रासमोर उभी केली. पाटीवर तळवा आडवा धरला. पहारेकरी बघत होता. बघू दे म्हटलं.

"हे काय?" प्रज्ञानं विचारलं.

"बाबा दाखवायचे तसं," मी म्हटलं. "आधी बघ."

"काय बघू?"

मी गप्प बसलो. मिलिंद, मी गप्प बसलो! माझ्या जिभेवर तो दारातला माणूस नाचत होता, आणि मी त्याला दातांमागे कोंडून ठेवला. तुला इतकी वर्षं हे कसं जमलं असेल, ते मला तेव्हा कळलं. हात भरून आला, तळव्याला घाम सुटला. पोरगी बघत राहिली. हळूच तिचे हात मागे गेले. टाच नाही उचलली, ते तुझ्यापुरतंच होतं. पण मान कलली.

खूप वेळानं ती म्हणाली, "दारात कुणीतरी आहे."

"हं."

"आत यायला घाबरतोय." ती किंचित हसली. "टेबलावर दोन वाट्या आहेत, काका. ती त्याचंच सोलतेय. आई चिडली असली की बाबा असेच थांबायचे दारात. आत यायचे नाहीत, जायचेही नाहीत. आईला कळायचं, पण ती मान वर करायची नाही."

दोन वाट्या! मी वाकून बघितलं. होत्या रे. एक बाईपाशी आणि दुसरी रिकाम्या खुर्चीसमोर. इतक्या वर्षांत मला दिसल्या नव्हत्या. गाईडनंही सांगितल्या नव्हत्या.

मी तळवा काढला. पाटीवर एवढंच होतं, फळ सोलणारी स्त्री. ना जाणारा, ना येणारा.

थोड्या वेळानं गाईड आपला घोळका घेऊन वर आला. प्रज्ञा म्हणाली, "ऐकू या ना काका, ते काय म्हणतात." मग आम्ही कडेला उभं राहून ऐकलं. तो निघालाय, कायमचा, सुरी थांबलेली आहे. सगळ्यांच्या माना वळल्या. तुझ्या लेकीनं सगळं नीट ऐकून घेतलं, मान डोलवली आणि माझ्या कानाशी म्हणाली, "असेल. पण आधी दोन वाट्या ठेवल्यात तिनं."

तिला तो राक्षसाचा पट मी कधी सांगितला नव्हता. तू सांगितला असशील. की हे रक्तातून येतं? मी तिथंच एका बाकावर बसलो.

आणि बसल्यावर माझ्या टाळक्यात उजेड पडला. अंगठा तू नंतर काढायचास. दर वेळी काढायचास. चिठ्ठी तू फाडत नव्हतास, फक्त दुसऱ्यांदा वाचत होतास. म्हणजे गाईड तुला नकोच होता असं कुठं होतं? तो आधी नको होता. इतकी वर्षं मी समजत होतो त्या बाजूनं तू उभाच नव्हतास, आणि मी रिकाम्या पिंजऱ्यासमोर उलटतपासणी घेत होतो. घेण्यासारखा असतो गाईड. आपलं बघून झाल्यावर. एवढं साधं वाक्य तुला बोलता येत नव्हतं? पण बोलला असतास तर मी 'हो' म्हणून मोकळा झालो असतो.

त्यानंतर आम्ही त्याच्या मागून उरलेली सगळी दालनं बघितली. प्रज्ञाला मजा आली. खाली उतरल्यावर मूर्तीच्या कानातली दोन वेगळी फुलं तिनं कुणी बोट दाखवायच्या आधी ओळखली.

बाहेर हिरवळीच्या कडेला आम्ही सँडविच खात बसलो होतो. तिनं कागदाची घडी घातली, मग त्या घडीची घडी, आणि माझ्याकडे न बघता विचारलं, "काका, बाबांना कळलं होतं ना आधीच?"

जे मला दिसलं तेवढंच सांगितलं. पेटी, उजेड, मागे बांधलेले हात, टाच. बंद केलेला दिवा. चहा. तू गाईड घेऊ म्हणालास ती गोष्टसुद्धा. तुला काय कळलं ते मी सांगितलं नाही, कारण ते मला माहीत नाही.

ती ऐकत राहिली. "बराच वेळ उभे होते?" तिनं विचारलं.

"त्या चित्रासमोर राहायचा तेवढा."

"मग बघितलं त्यांनी नीट," ती म्हणाली, आणि रडली. मी तिच्या खांद्यावर हात ठेवला. या वेळी खांदा चुकला नाही.

घरी आलो तेव्हा सुजाता खिडकीपाशी वर्तमानपत्र पसरून शेंगा मोडत बसली होती. मी तिला सगळं सांगितलं. पाठ सांगितली, तुझ्या मागून चढलेले दोन मजले सांगितले, वाट्या सांगितल्या. प्रज्ञानं काय विचारलं आणि मी काय उत्तर दिलं तेही सांगितलं. आमच्या घरातला तो ताटांमधला प्रश्न मी असा एकदम उचलून मधोमध ठेवला आणि घाबरून तिच्या हाताकडे बघत राहिलो. मला वाटलं, आता हात थांबणार.

हात थांबला नाही. ती शेंगा मोडत राहिली.

"मला दाखवली होती दादानं ती फिल्म," ती म्हणाली. "इथंच, या खिडकीला लावून धरली उजेडात. तुम्ही कोर्टात होता. म्हणाला, सुजा, काय दिसतं बघ. सांगितलं काहीच नाही त्यानं. मी बघितलं. म्हटलं, काही नाही रे दादा, चांगलं तर दिसतंय सगळं. तो म्हणाला, बरं, आणि गुंडाळून घेऊन गेला."

तिनं पुढची शेंग घेतली.

"दिसलं होतं मला."